राजा आला नाही, रेल्वे आली

सप्टेंबर १९३९. इंग्लंडने जर्मनीशी युद्ध पुकारले होते आणि डर्बीशायरमधल्या चॅट्सवर्थ या अवाढव्य हवेलीत आवराआवर चालली होती. गालिच्यांच्या वळकट्या बांधल्या जात होत्या. चित्रे भिंतींवरून उतरवून भिंतीलाच टेकवून ठेवली जात होती. चिनीमातीची भांडी, चांदी, पुतळे, घड्याळे सगळे बांधून एका बाजूला सारायला अकरा दिवस लागले. मग वेल्सच्या किनाऱ्यावरच्या कोल्विन बे या गावातून पेनरॉस कॉलेज ही मुलींची निवासी शाळा तिथे राहायला आली. मुली सुमारे तीनशे, शिवाय शिक्षिका. त्यांच्या शाळेची इमारत सरकारच्या अन्न खात्याने युद्धाच्या कामासाठी ताब्यात घेतली होती. चॅट्सवर्थचे मालक असलेल्या दहाव्या ड्यूकनी आधीच विचार केला होता. एवढे मोठे घर युद्धात मोकळे राहणार नाही, कोणीतरी त्यात येणारच. मग सैनिकांच्या पलटणीपेक्षा शाळकरी मुली बऱ्या.

मुलींच्या खाटा लागल्या त्या दुसऱ्या मजल्यावरच्या राजेशाही दालनांत. डोक्यावर देवदेवतांनी भरलेली रंगीत छते आणि खाली ओळीने मांडलेल्या साध्या लोखंडी खाटा. एडवर्ड हॅलिडे या चित्रकाराने ते दृश्य तेव्हाच रंगवून ठेवले. ही दालने अडीचशे वर्षांपूर्वी राजा तिसरा विल्यम आणि राणी मेरी यांच्या मुक्कामासाठी बांधली होती. राजा-राणी तिथे कधीच आले नाहीत. त्या छतांखाली सलग सहा वर्षे झोपल्या, अभ्यास केला आणि घरच्या आठवणीने रडल्या त्या या मुली.

चॅट्सवर्थच्या पावणेपाचशे वर्षांत असे पुन्हा पुन्हा घडले आहे. घराने ज्यांची वाट पाहिली ते फिरकले नाहीत. ज्यांना कोणी बोलावले नव्हते ते आले, आणि अखेर त्यांच्यामुळेच घर उभे राहिले.

सहाशे पौंडांची जमीन

इंग्लंडच्या साधारण मध्यावर पीक डिस्ट्रिक्ट हा डोंगराळ, वाऱ्यापावसाचा प्रदेश आहे. वर ओसाड माळराने आणि खाली हिरव्या दऱ्या. त्यातल्याच एका दरीत, डरवेंट नदीच्या काठी चॅट्सवर्थ उभे आहे. ते कॅव्हेंडिश घराण्याचे घर. घराण्याचा किताब मात्र ‘ड्यूक ऑफ डेव्हनशायर’, आणि डेव्हनशायर तर पार नैऋत्येला, समुद्राकडे. इंग्लंडमधला किताब आणि कसत असलेली जमीन यांचा एकमेकांशी संबंध असायलाच हवा असे नसते.

या घराचा पाया एका बाईच्या हट्टाने घातला गेला. एलिझाबेथ हार्डविक ही डर्बीशायरमधल्या बेताच्या परिस्थितीतल्या जमीनदाराची मुलगी. इतिहास तिला ‘बेस ऑफ हार्डविक’ म्हणून ओळखतो. तिची चार लग्ने झाली आणि प्रत्येक लग्नाने ती एकेक पायरी वर चढली. दुसरा नवरा सर विल्यम कॅव्हेंडिश हा राजदरबारचा अधिकारी. आठव्या हेन्रीने इंग्लंडमधले ख्रिस्ती मठ बरखास्त करून त्यांची मालमत्ता जप्त केली, तेव्हा त्या मालमत्तेच्या नोंदी करणाऱ्यांत कॅव्हेंडिश होता. या कामात त्याच्या स्वतःच्या पदरातही बऱ्याच जमिनी पडल्या. बेसने त्याला दक्षिणेतल्या त्या जमिनी विकायला लावल्या आणि आपल्या माहेरच्या मुलखात जमीन घ्यायला लावली. १५४९ मध्ये चॅट्सवर्थची जमीन सहाशे पौंडांना विकत घेतली गेली. १५५२ मध्ये बांधकाम सुरू झाले. पाच वर्षांनी कॅव्हेंडिश वारला, तो सरकारचे पाच हजारांहून जास्त पौंडांचे देणे मागे ठेवून. बेस डगमगली नाही. तिने घर पुरे केले.

त्या पहिल्या घरात एक राणी खरोखरच राहिली, पण पाहुणी म्हणून नव्हे. बेसचा चौथा नवरा अर्ल ऑफ श्रूझबरी याच्यावर राणी एलिझाबेथने स्कॉटलंडच्या पदच्युत राणी मेरीला नजरकैदेत ठेवण्याची जबाबदारी टाकली होती. १५६९ पासून पुढची पंधरा वर्षे मेरीला या अर्लच्या वेगवेगळ्या घरांत हलवत ठेवले गेले. चॅट्सवर्थला तिचे अनेक मुक्काम झाले. नदीजवळ पाण्याने वेढलेला एक दगडी चौथरा आजही ‘राणी मेरीचा कुंज’ म्हणून दाखवतात. त्या काळातले तिथे आता तेवढेच उरले आहे, आणि डोंगरावरचा शिकारी मनोरा. बेसचे घर पुढे दगडादगडाने नाहीसे झाले.

दंड, बंड आणि बांधकाम

ते पाडले तिच्या खापरपणतवाने. चौथा अर्ल विल्यम कॅव्हेंडिश हा गरम डोक्याचा आणि राजा दुसरा जेम्स याचा कट्टर विरोधक. दरबारात एका कर्नलवर हात उचलल्याबद्दल त्याला तीस हजार पौंडांचा दंड झाला. ही रक्कम त्या काळी डोळे पांढरे करणारी होती. तो लंडन सोडून चॅट्सवर्थला आला आणि १६८७ मध्ये घराची दक्षिण बाजू नव्याने बांधायला घेतली. पुढच्याच वर्षी हॉलंडच्या विल्यमला इंग्लंडवर चालून येण्याचे गुप्त निमंत्रण देणाऱ्या सात जणांत त्याची सही होती. विल्यम आला, जेम्स पळाला, इंग्लंडमध्ये सत्तांतर झाले. कॅव्हेंडिशला १६९४ मध्ये ड्यूकपद मिळाले.

ज्या राजाला आपण गादीवर बसवले तो कधीतरी घरी येईल, या भरवशावर दक्षिण बाजूची दालने सजली. वास्तुकार विल्यम टॅलमन. छतांवर व्हेरिओ आणि लागेर यांची चित्रे. टिझूचे लोखंडी कठडे. एका दारावर टांगलेले व्हायोलिन पाहताना हात पुढे जातो, पण ते व्हायोलिन नव्हे, व्हायोलिनचे चित्र आहे. राजाची दालने सर्वात वरच्या मजल्यावर आली, कारण बेसच्या घरात ती तिथेच होती आणि जुन्या घराचा सांगाडा पुरता मोडता येत नव्हता. एक बाजू झाली तेव्हा ड्यूकला बांधकामाची गोडी लागली. त्याने पूर्व, मग पश्चिम, मग उत्तर अशा चारही बाजू वीस वर्षांत बदलल्या. बागेत ग्रिये या फ्रेंच जलतज्ज्ञाने डोंगरउतारावर पायऱ्यापायऱ्यांनी उतरणारा धबधबा बांधला. १७०७ मध्ये काम संपले आणि त्याच वर्षी ड्यूकही संपला.

राजाच्या शयनगृहातला पलंग राजाचाच आहे, पण वेगळ्या राजाचा. चौथा ड्यूक दरबारात लॉर्ड चेंबरलेन होता. राजा वारल्यावर त्याच्या वापरातल्या काही वस्तू या अधिकाऱ्याला हक्काने मिळत. १७६० मध्ये दुसरा जॉर्ज ज्या पलंगावर वारला तो असा चॅट्सवर्थला पोहोचला.

याच चौथ्या ड्यूकच्या लग्नाने घराणे अतिश्रीमंत झाले. बायको शार्लट बॉइल ही अर्ल ऑफ बर्लिंग्टनची वारस. तिच्याबरोबर लंडनमधली घरे, यॉर्कशायरची जमीन आणि आयर्लंडमधला लिझमोरचा किल्ला व इस्टेट आली. शिवाय डर्बीशायरच्या पोटातले शिसे आणि शेजारच्या स्टॅफर्डशायरमधली एक्टनची तांब्याची खाण होतीच. खाणीच्या पैशातून पुढे बक्सटन या गावी अर्धचंद्राकृती भव्य इमारत उभी राहिली. चॅट्सवर्थच्या छतावरचे देव पाहताना त्या खाणीत उतरणारे मजूर आणि आयर्लंडमधली खंड भरणारी कुळे डोळ्यांपुढे आणायला हवीत. हे घर त्यांच्याही घामावर उभे आहे.

हललेले गाव

१७६० च्या दशकात चौथ्या ड्यूकने लॅन्सलॉट ब्राउनला बोलावले. हा उद्यानकार इंग्लंडभर ‘केपेबिलिटी’ ब्राउन या नावाने ओळखला जात असे, कारण प्रत्येक जागेत सुधारणेला वाव आहे असे तो मालकांना सांगे. आखीवरेखीव ताटवे, कुंपणे, वाफे त्याने पुसून टाकले. त्या जागी गवताची उतरती कुरणे, मधूनमधून झाडांचे पुंजके आणि संथ वळणारी नदी आली. पाहणाऱ्याला वाटावे की हे निसर्गाने असेच केले आहे. प्रत्यक्षात मातीचा प्रत्येक चढउतार माणसांनी टोपल्यांनी उचलून घडवला होता.

या देखाव्यात अडचण होती ती एडन्सॉर गावाची. नदीपलीकडच्या या वस्तीतली काही घरे हवेलीच्या खिडक्यांतून दिसत. ती आधी हटली. मग सहाव्या ड्यूकच्या काळात, १८३८ ते १८४२ दरम्यान, उरलेले गाव टेकडीच्या आड नव्याने बांधले गेले. नवी घरे देखणी आहेत. एकाला स्वित्झर्लंडचे छप्पर, दुसऱ्याला इटालियन कमान, तिसऱ्याला ट्यूडर काळातल्या चिमण्या. एकासारखे दुसरे नाही. आज पर्यटक त्यांचे फोटो काढतात. गावकऱ्यांना पक्की, कोरडी घरे मिळाली हे खरे, पण गाव हलले ते कोणाच्या तरी खिडकीतल्या दृश्यासाठी, हेही तितकेच खरे. जुन्या वस्तीतले एकच घर जागेवर राहिले. आजही ते रस्त्याच्या अलीकडे कुरणात एकटे उभे आहे.

माळ्याचा मुलूख

विल्यम, सहावा ड्यूक, १८११ मध्ये एकविसाव्या वर्षी गादीवर आला. त्याने लग्न केले नाही, म्हणून तो ‘ब्रह्मचारी ड्यूक’. पुस्तके, पुतळे, झाडे आणि बांधकाम या चार गोष्टींवर त्याने पैसा ओतला. उत्तरेकडे लांबच लांब नवी बाजू बांधली. शिल्पदालन उभारून त्यात कानोव्हाचे संगमरवरी पुतळे मांडले.

त्याला आयुष्यभराचा सोबती मिळाला तो बागेत. लंडनजवळच्या चिझविकला ड्यूकच्या जमिनीला लागून हॉर्टिकल्चरल सोसायटीची बाग होती. तिथे काम करणाऱ्या जोसेफ पॅक्स्टन या शेतकऱ्याच्या पोराशी ड्यूकच्या गप्पा होत. १८२६ मध्ये त्याने पॅक्स्टनला चॅट्सवर्थचा मुख्य माळी नेमले, तेव्हा पॅक्स्टन बावीस वर्षांचा होता. त्याच्या पहिल्या सकाळची हकीकत त्याने स्वतःच लिहून ठेवली आहे. पहाटे साडेचारला तो पोहोचला. दरवाजे बंद होते, म्हणून भिंतीवरून चढून आत शिरला. सगळी बाग पालथी घातली, सहाला माणसांना कामाला लावले, कारंजी सुरू करून पाहिली. मग हवेलीच्या कारभारीणबाईंकडे न्याहारीला गेला. तिथे त्यांची भाची सेरा होती. नऊ वाजायच्या आत दोघांचे मन जुळले होते. पुढच्या वर्षी लग्न झाले. पॅक्स्टन कामानिमित्त देशभर फिरत असताना इस्टेटीचे हिशेब आणि बागेचा कारभार या सेराने वर्षानुवर्षे चोख सांभाळला.

१८३६ ते १८४० या काळात पॅक्स्टनने बांधलेले ‘ग्रेट कन्झर्व्हेटरी’ हे काचघर त्या वेळी जगात सर्वात मोठे मानले जाई. लांबी २७७ फूट, रुंदी १२३ फूट, उंची ६७ फूट. मधल्या वाटेवरून घोडागाडी जाई. आठ बॉयलर जमिनीखाली, त्यांना कोळसा पुरवायला बोगदा आणि गरम पाणी खेळवायला सात मैल नळ. बाहेर बर्फ आणि आत केळी, ताड, खजूर. डिसेंबर १८४३ मध्ये राणी व्हिक्टोरिया आली तेव्हा बारा हजार दिव्यांनी ते उजळले होते.

काचघर भरायला झाडे लागत आणि झाडे आणायला माणसे. १८३५ मध्ये जॉन गिब्सन हा तरुण माळी भारताकडे निघाला. नवे गव्हर्नर जनरल लॉर्ड ऑकलंड ज्या जहाजातून येत होते त्याच जहाजातून तो कलकत्त्याला आला. तिथून खासी टेकड्यांत, चेरापुंजीच्या पावसात हिंडून त्याने ऑर्किडच्या कितीतरी जाती गोळा केल्या आणि १८३७ मध्ये त्या चॅट्सवर्थला नेल्या. डेन्ड्रोबियम डेव्होनियानम या ऑर्किडच्या नावात आजही ड्यूक आहे. खासी लोकांच्या जंगलातले फूल असे एका इंग्रज उमरावाच्या नावाने जगाला माहीत झाले.

गिब्सन परतला. दुसरे दोघे परतले नाहीत. रॉबर्ट वॉलेस आणि पीटर बँक्स या माळ्यांना सूचिपर्णी झाडे आणायला उत्तर अमेरिकेच्या पश्चिमेकडे पाठवले होते. ऑक्टोबर १८३८ मध्ये कोलंबिया नदीच्या धारेत त्यांची होडी उलटली आणि दोघेही बुडाले. ही बातमी कळल्यावर पॅक्स्टनने पुन्हा अशी मोहीम काढली नाही.

केळीचा घड आणि कमळाचे पान

याच बागेतल्या एका रोपाची ओळख मराठी माणसाला आहे, त्याच्या नकळत. मूळची चीनकडची एक ठेंगणी केळ मॉरिशसमार्गे इंग्लंडला आली होती. पॅक्स्टनने तिचे रोप मिळवले आणि वाढवले. नोव्हेंबर १८३५ मध्ये ते फुलले, पुढच्या उन्हाळ्याआधी शंभरावर केळ्यांचा घड तयार झाला. पॅक्स्टनने तिला घराण्याचे नाव दिले, ‘मुसा कॅव्हेंडिशी’. पुढे जॉन विल्यम्स या मिशनऱ्याने चॅट्सवर्थची रोपे पॅसिफिक महासागरातल्या सामोआ बेटांवर नेली. विसाव्या शतकाच्या मध्यावर पनामा रोगाने ‘ग्रो मिशेल’ या जातीचे मळे बसले, तेव्हा जगाच्या बाजारात तिची जागा कॅव्हेंडिश गटाने घेतली.

जळगाव जिल्ह्यात, रावेर-यावलच्या मळ्यांत पिकणारी बसराई, श्रीमंती आणि टिश्यू कल्चरची ग्रँड नैन या सगळ्या जाती कॅव्हेंडिश गटातल्याच. खानदेशात केळी चॅट्सवर्थहून आली असे नाही. केळीचे मूळ आशियातच आहे आणि आपल्याकडे तिची लागवड जुनी. गटाला मिळालेले शास्त्रीय पुस्तकातले नाव मात्र त्या काचघरातले. रावेरच्या स्टेशनवर घड चढवणाऱ्या हमालाच्या खांद्यावर डर्बीशायरच्या ड्यूकचे आडनाव असते.

१८४९ च्या ऑगस्टमध्ये दक्षिण अमेरिकेतल्या विराट कमळाचे एक छोटे रोप क्यू येथील शाही उद्यानातून पॅक्स्टनने आणले. क्यूमध्ये ते फुलत नव्हते. पॅक्स्टनने गरम पाण्याची टाकी बांधली, पाणी हलते ठेवायला छोटी चाके बसवली. नोव्हेंबरमध्ये कमळ फुलले. पाने एवढी वाढली की त्याने आपल्या सात वर्षांच्या मुलीला, अ‍ॅनीला, एका पानावर उभे केले आणि पान बुडाले नाही. पानाच्या खालच्या बाजूला शिरांचे जाळे असते, मधून बाहेर पसरत जाणारे आणि आडव्या शिरांनी बांधलेले. वजन कसे वाटून घ्यावे हे त्या जाळ्यात दिसत होते.

पुढच्याच वर्षी लंडनच्या जागतिक प्रदर्शनासाठी इमारत हवी होती आणि समितीला एकही आराखडा पसंत पडत नव्हता. जून १८५० मध्ये रेल्वे कंपनीच्या एका बैठकीत बसलेल्या पॅक्स्टनने समोरच्या टीपकागदावर एक आकृती काढली. लोखंडी खांब, लाकडी पन्हळी आणि काच, सगळे कारखान्यात तयार करून जागेवर जोडायचे. १ मे १८५१ रोजी हाइड पार्कमध्ये १,८४८ फूट लांबीचा क्रिस्टल पॅलेस उघडला. पॅक्स्टनला ‘सर’ हा किताब मिळाला. शाळेचे तोंड फारसे न पाहिलेला माळी पुढे पार्लमेंटचा सभासद झाला.

झारचे कारंजे

१८४४ मध्ये रशियाचा झार पहिला निकोलस इंग्लंडला येणार होता. सहाव्या ड्यूकने त्याच्या राज्याभिषेकाला इंग्लंडचा प्रतिनिधी म्हणून मॉस्कोत हजेरी लावली होती. झार आता चॅट्सवर्थला येईल आणि पीटरहोफच्या त्याच्या कारंज्यांपेक्षा उंच कारंजे त्याला दाखवू, असे ड्यूकच्या मनाने घेतले. पॅक्स्टनने घराच्या मागच्या माळरानावर आठ एकरांचा तलाव खणला. रात्री मशालींच्या उजेडात काम चाले. सहा महिन्यांत सगळे तयार झाले. पंप नाही, यंत्र नाही. साडेतीनशे फूट उंचीवरच्या तलावातले पाणी नळातून खाली येते आणि नुसत्या उताराच्या जोराने आकाशात उडते. ते २९६ फुटांपर्यंत चढल्याची नोंद आहे.

झार इंग्लंडला आला, लंडनमध्ये राहिला आणि परत गेला. चॅट्सवर्थला आला नाही. कारंज्याला नाव मात्र त्याचेच पडले, ‘एम्परर फाउंटन’.

पाच वर्षांनी, जून १८४९ मध्ये, तीन मैलांवरच्या राउझ्ली गावापर्यंत रेल्वे पोहोचली. त्या एका उन्हाळ्यात ऐंशी हजार माणसे चॅट्सवर्थ पाहायला आली. शेफील्ड, डर्बी, मँचेस्टर या शहरांतले कारागीर, गिरणी कामगार, त्यांच्या बायका, मुले. ड्यूकचा हुकूम होता की येणाऱ्या प्रत्येकाला आत घ्यायचे आणि कारंजी चालू करून दाखवायची, मग तो कितीही साधा माणूस असो. झारसाठी साठवलेले पाणी आठवड्याच्या सुट्टीवर आलेल्या गिरणी कामगारांसमोर उसळले.

घर दाखवण्याची प्रथा तशी आधीची होती. सभ्य पोशाखातला प्रवासी आला तर कारभारीणबाई त्याला दालने दाखवत. जेन ऑस्टिनच्या ‘प्राइड अँड प्रेज्युडिस’मध्ये एलिझाबेथ बेनेट मिस्टर डार्सीचे पेम्बर्ली पाहायला जाते ती अशीच. कादंबरीतल्या तिच्या प्रवासात चॅट्सवर्थचे नाव येते, आणि २००५ च्या चित्रपटात चॅट्सवर्थच पेम्बर्ली झाले. रेल्वेने फरक पडला तो संख्येत आणि वर्गात.

उतरण

सहावा ड्यूक १८५८ मध्ये वारला तेव्हा इस्टेट कर्जात होती. सातव्याने ती सावरायचा प्रयत्न केला. केंब्रिजची कॅव्हेंडिश प्रयोगशाळा ही त्याची देणगी. आठवा, लॉर्ड हार्टिंग्टन, राजकारणात रमला. १८८० ते १८८२ तो ब्रिटिश मंत्रिमंडळात भारतमंत्री होता. मुंबई, पुण्यापासून कलकत्त्यापर्यंतच्या कारभाराची सूत्रे दोन वर्षे या घराण्याच्या हाती होती.

१९०८ मध्ये तो वारला आणि नवव्या ड्यूकला प्रथमच भला मोठा मृत्युकर भरावा लागला. विल्यम कॅक्स्टनने छापलेली इंग्लंडमधली आरंभीची पुस्तके आणि केंबल या नटाचा जुना नाट्यसंग्रह अमेरिकेतल्या हेन्री हंटिंग्टनला विकला गेला. लंडनमधले डेव्हनशायर हाउस १९२० मध्ये विकले, मग ते पाडले गेले. त्याच १९२० मध्ये ग्रेट कन्झर्व्हेटरीही गेली. पहिल्या महायुद्धात कोळसा मिळाला नव्हता, माणसे आघाडीवर होती आणि झाडे थंडीने मेली होती. पॅक्स्टनची बांधणी इतकी पक्की होती की सुरुंगाचे अनेक स्फोट करावे लागले. तिच्या पायाच्या आत आज झुडपांचा भुलभुलैया आहे.

दुसऱ्या महायुद्धाने घराण्याचा वारस नेला. दहाव्या ड्यूकचा थोरला मुलगा बिली याने मे १९४४ मध्ये कॅथलीन केनेडीशी लग्न केले. ती जॉन एफ. केनेडी यांची धाकटी बहीण. चार महिन्यांनी बेल्जियममध्ये बिली लढाईत मारला गेला. १९४८ मध्ये कॅथलीनही फ्रान्समध्ये विमान अपघातात गेली. तिला एडन्सॉरच्या दफनभूमीत पुरले आहे. जून १९६३ मध्ये अमेरिकेचे अध्यक्ष केनेडी हेलिकॉप्टरने तिथे उतरले, बहिणीच्या कबरीशी उभे राहिले आणि निघून गेले. पाच महिन्यांनी डॅलसला त्यांची हत्या झाली.

इस्टेटीवरचा घाव १९५० चा. दहाव्या ड्यूकनी १९४६ मध्ये मालमत्ता दुसऱ्यांच्या नावे केली होती. कायद्याप्रमाणे त्यानंतर पाच वर्षे ते जगले असते तर कर लागला नसता. २६ नोव्हेंबर १९५० रोजी ईस्टबोर्नच्या घरी लाकडे फोडताना ते अचानक कोसळले. वय ५५. मुदत संपायला काही आठवडेच उरले होते. कराचा दर होता ८० टक्के.

वाचवलेले घर

आता सगळे आले धाकट्या मुलावर, अँड्र्यूवर. त्यांच्या पत्नी डेबोरा या प्रसिद्ध मिटफर्ड बहिणींतल्या सर्वात धाकट्या. त्या काळात इंग्लंडमध्ये हवेल्या पडत होत्या. १९५५ मध्ये सरासरी दर पाच दिवसांनी एक हवेली जमीनदोस्त होत होती. लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयाने १९७४ मध्ये या नाशावर प्रदर्शन भरवले, तेव्हा आपण काय गमावले हे लोकांना कळले. चॅट्सवर्थही सरकारला देऊन टाकावे असा विचार झाला होता.

अकराव्या ड्यूकनी उलटे ठरवले. घर ठेवायचे आणि बाकीचे द्यायचे. हजारो एकर जमीन विकली. बेसचे दुसरे घर, हार्डविक हॉल, १९५९ मध्ये कराच्या बदल्यात नॅशनल ट्रस्टकडे गेले. मेमलिंगचे त्रिपट चित्र नॅशनल गॅलरीला, होल्बाइनने काढलेले आठव्या हेन्रीचे भव्य रेखाटन नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीला, दहाव्या शतकातली सेंट एथेलवोल्डची सचित्र पोथी ब्रिटिश म्युझियमला. वाटाघाटी १९६७ पर्यंत चालल्या. घराण्याच्या खाजगी भिंतींवरचे अनेक ठेवे असे लोकांच्या मालकीचे झाले.

घर वाचवण्याची सुरुवात त्याआधीच, दहाव्या ड्यूकच्या हयातीत, ते स्वच्छ करण्यापासून झाली होती. ते १९४८ मध्ये, पुन्हा उघडण्याआधी, ज्यांनी घासूनपुसून काढले त्यांच्या प्रमुख होत्या दोन हंगेरियन बहिणी. त्या आधी लंडनमध्ये कॅथलीनच्या घरी स्वयंपाक आणि घरकाम बघत. मालकीण गेली आणि त्यांचे काम गेले, तेव्हा त्यांना चॅट्सवर्थला बोलावले गेले. युद्धाने देशोधडीला लागलेल्या पूर्व युरोपातल्या बाया त्यांनी हाताशी घेतल्या. सहा वर्षांच्या शाळेनंतरची धूळ, बंद दालनांतला ओलावा, कसर लागलेले पडदे हे सगळे त्यांच्या हातांनी निघाले. १९४९ मध्ये दारे लोकांना उघडली.

ड्यूक आणि डचेस १९५९ मध्ये राहायला आले, नवी न्हाणीघरे आणि गरम पाण्याचे नळ बसवून. पुढची पंचेचाळीस वर्षे डेबोरा यांनी घर हा चालता व्यवसाय केला. शहरी मुलांना दूध कुठून येते हे दिसावे म्हणून १९७३ मध्ये गोठा आणि शेत खुले केले. १९७७ मध्ये पिल्स्ली गावात इस्टेटीच्या मांस-भाजीचे दुकान काढले. त्यांना कोंबड्या पाळण्याचा नाद होता आणि त्या दुकानाच्या गल्ल्यावरही लक्ष ठेवून असत. १९८१ मध्ये घर एका धर्मादाय न्यासाकडे दिले. कुटुंब आपल्या खोल्यांचे भाडे न्यासाला भरते.

२०१० मध्ये माळ्यावरच्या वस्तूंचा तीन दिवस लिलाव झाला. पाडलेल्या घरांच्या शेकोट्या, दारे, कपबश्या असे सगळे मिळून साठ लाखांहून अधिक पौंड आले. दहा वर्षे चाललेली डागडुजी २०१८ मध्ये पुरी झाली, खर्च ३.२ कोटी पौंड. झिजलेले दगड बदलायला त्याच इस्टेटीतली बर्न्टवूडची खाण पुन्हा उघडली. पश्चिम बाजूच्या खिडक्यांच्या चौकटींना पुन्हा सोन्याचा वर्ख लागला.

डेबोरा २०१४ मध्ये वारल्या. एडन्सॉरच्या दफनभूमीत त्यांची कबर नवऱ्याच्या शेजारी आहे आणि कॅथलीनची तिथेच जवळ. पॅक्स्टनही याच टेकडीवर पुरला आहे. तिथून खाली पाहिले की मेंढ्या चरणारे कुरण दिसते, नदी दिसते आणि वाऱ्याची दिशा बरोबर असेल त्या दिवशी झाडांच्या वर पाण्याचा उंच पांढरा खांब. खालच्या वाहनतळावर शाळेच्या सहलीची बस थांबलेली असते. मुले रांगेने आत जातात, जिना चढून दुसऱ्या मजल्यावर पोहोचतात आणि टांगलेल्या व्हायोलिनसमोर थबकतात.